पक्षी नव्हे, आधी सासूबाईंना हलवा

प्रश्न थोडक्यात असा आहे. घरात आठ महिन्यांपासून दोन कॉकाटील (डोक्यावर तुरा असलेले छोटे पोपट) आहेत. दोघेही ठणठणीत, दिवसभर शिट्ट्या मारतात, खातात-पितात. सासूबाई चौसष्ट वर्षांच्या. त्यांना दोन महिन्यांपासून कोरडा खोकला आहे आणि जिना चढताना धाप लागते. अँटिबायोटिकचे दोन कोर्स झाले, फरक नाही. मध्ये दिवाळीला पंधरा दिवस कोल्हापूरला लेकीकडे होत्या तेव्हा बऱ्या होत्या. घरात पक्षी आहेत हे कळल्यावर डॉक्टर म्हणाले, "आधी ते पोपट बाहेर काढा." सात वर्षांच्या नातीने रडून घर डोक्यावर घेतलंय. पोपटांपासून माणसाला नेमकं काय होतं, आणि ते खरंच द्यावे लागतील का?

ताई, मी पशुवैद्य आहे आणि गेली बावीस वर्षं बहुतेक पक्षीच बघते. सासूबाईंना कोणती गोळी द्यायची ते छातीच्या डॉक्टरांनी ठरवायचं, त्यात मी पडणार नाही. पण तुमच्या डॉक्टरांचं म्हणणं मला अर्धं बरोबर वाटतं. पाळीव पोपटांपासून माणसाच्या फुफ्फुसाला होणारे आजार मुख्यतः दोन. एक जंतूंचा, दुसरा ॲलर्जीच्या जातकुळीचा. खोकला आणि धाप दोन्हींत. पहिला असेल तर माणसाला आणि पक्ष्याला, दोघांनाही औषध देता येतं आणि पक्षी घरात राहू शकतो. दुसरा असेल तर पक्षी कितीही निरोगी असो, त्याला जावंच लागतं. म्हणून पोपट काढायचे की नाही हा प्रश्न नंतरचा. खोकला कोणता, हे आधी ठरू द्या.

जंतूंचा जो आजार आहे त्याला सिटॅकोसिस म्हणतात, पॅरट फीव्हर म्हणूनही तो ओळखला जातो. जंतूचं नाव क्लॅमिडिया सिटासी. (हे नाव रिपोर्टवर वाचून एका घरात नवरा-बायकोचं चांगलंच वाजलं होतं. लैंगिक संबंधांतून होणारा क्लॅमिडिया वेगळ्या जातीचा, त्याचा पोपटाशी काही संबंध नाही. त्या दिवशी मी पक्ष्यापेक्षा संसारावरच जास्त उपचार केले.) हा जंतू पेशीच्या आत राहून वाढतो. पक्ष्याच्या शिटेतून, नाकाडोळ्यांच्या स्रावातून बाहेर पडतो. शीट वाळली, तिची भुकटी झाली, पंखांच्या फडफडीने ती उडाली आणि माणसाच्या श्वासात गेली, की लागण. वाळलेल्या शिटेत तो महिनाभर आणि त्याहूनही जास्त टिकतो. पक्षी हातात घ्यायलाच पाहिजे असं मुळीच नाही.

याचा सर्वांत बोलका पुरावा १९३० सालचा आहे. १९२९ च्या नाताळात दक्षिण अमेरिकेतून आणलेले पोपट अमेरिकेत घरोघरी भेट म्हणून गेले आणि पाठोपाठ माणसं न्यूमोनियाने आजारी पडू लागली. वॉशिंग्टनच्या सरकारी हायजीनिक लॅबोरेटरीत चार्ल्स आर्मस्ट्राँग यांनी तळघरात आजारी पोपट ठेवून तपास सुरू केला. त्यांचा सहाय्यक दगावला, ते स्वतः मरता मरता वाचले. त्यापुढची गोष्ट जास्त महत्त्वाची: वरच्या मजल्यांवर काम करणारी, त्या पोपटांच्या जवळही न गेलेली माणसं आजारी पडली. शेवटी सगळे प्रयोगाचे पक्षी मारून इमारत धुरी देऊन निर्जंतुक करावी लागली. राष्ट्राध्यक्ष हूव्हर यांनी जानेवारी १९३० मध्ये पोपटांच्या आयातीवर बंदी घातली. तेव्हा अँटिबायोटिक्स नव्हती आणि लागण झालेल्यांपैकी पाचातला-सहातला एक जात असे. आज वेळेवर औषध मिळालं तर शंभरातला एकही सहसा जात नाही. पण आजार संपलेला नाही. २०२४ च्या मार्चमध्ये जागतिक आरोग्य संघटनेने युरोपातल्या पाच देशांत रुग्ण वाढल्याचं आणि काही मृत्यू झाल्याचं कळवलं होतं. त्यांतल्या बऱ्याच जणांचा पाळीव नाहीतर रानटी पक्ष्यांशी संबंध आला होता.

माणसात हा आजार कसा दिसतो? लागण झाल्यावर साधारण पाच ते चौदा दिवसांत थंडी वाजून ताप, कपाळ फुटेल असं डोकं दुखणं, अंगदुखी आणि मग कोरडा खोकला. तापाच्या मानाने नाडी मंद असू शकते, पाणथरी वाढू शकते. हे वाचून आपल्याकडच्या कुठल्याही डॉक्टरच्या मनात पहिलं काय येईल? टायफॉइड. विडाल करा. गंमत म्हणजे १८७९ साली स्वित्झर्लंडमध्ये याकोब रिटर यांनी हा आजार पहिल्यांदा नोंदवला तोही याच गोंधळातून. एकाच घरातले सात जण आजारी, तिघांचा मृत्यू. घरात परदेशी पक्षी. रिटर यांनी त्याला नाव दिलं न्यूमोटायफस, म्हणजे न्यूमोनिया अधिक टायफॉइड. आजही पेशंट "घरी पक्षी आहे" हे सांगत नाही आणि डॉक्टर विचारत नाहीत. मग अमॉक्सिसिलिन किंवा सेफालोस्पोरिन दिलं जातं, ते या जंतूवर चालत नाही. चालतं ते डॉक्सिसायक्लिन, आणि तेही सहसा दोन-तीन दिवसांत ताप उतरवतं. गरोदर बाईला ते टाळून दुसरं औषध निवडतात. म्हणून घरात कुणी गरोदर असेल तर पिंजऱ्याची साफसफाई तिने करायचीच नाही. सासूबाईंचे दोन कोर्स कोणत्या औषधाचे होते, ती चिठ्ठी शोधून ठेवा. छातीचे डॉक्टर ती पहिल्यांदा मागतील.

पण खरं सांगू? तुमच्या पत्रात तापाचा उल्लेखच नाही. दोन महिने रेंगाळणारा कोरडा खोकला, जिन्यावर धाप आणि कोल्हापूरला गेल्यावर बरं वाटणं. हे शेवटचं तुम्ही जाता जाता लिहिलंत, माझी नजर तिथेच अडली. घर सोडलं की बरं, घरी परतलं की पुन्हा खोकला, ही चाल दुसऱ्या आजाराची आहे.

त्या दुसऱ्या आजाराचं लांबलचक नाव हायपरसेन्सिटिव्हिटी न्यूमोनायटिस. पक्षी पाळणाऱ्यांना होतो तेव्हा इंग्रजीत त्याला बर्ड फॅन्सियर्स लंग म्हणतात. यात जंतू नसतोच. पक्ष्याच्या पिसांवरची भुकटी आणि शिटेतली प्रथिनं श्वासातून फुफ्फुसात खोलवर जातात आणि काही माणसांचं शरीर त्यांना शत्रू समजून फुफ्फुसातच लढाई मांडतं. सगळ्यांना होत नाही. एकाच घरात पाच जण तीच हवा घेतात आणि एकालाच होतो, म्हणून बाकीच्यांना ते पटतही नाही. "आम्हाला कुठे काय झालं?" हे वाक्य मी प्रत्येक वेळी ऐकते. दम्यासारखी ही ॲलर्जी नाही, सर्दीची गोळी घेऊन ती दबत नाही.

याचे दोन चेहरे आहेत. खुराडं झाडणाऱ्या कबूतरबाजाला एकदम भरपूर धूळ मिळते. चार-सहा तासांनी थंडी, ताप, खोकला, धाप, आणि एक-दोन दिवसांत आपोआप बरं. घरात एक-दोन पिंजऱ्यातले पक्षी पाळणाऱ्याला रोज थोडी थोडी धूळ मिळते. त्याला ताप येत नाही. नुसता खोकला, हळूहळू वाढणारी धाप, थकवा, वजन उतरणं. "वय झालं" म्हणून वर्ष निघून जातं आणि तोवर फुफ्फुसाला कायमचे वण पडायला लागतात. ते वण परत भरून येत नाहीत. म्हणून घाई या आजाराची करायची. एचआरसीटी (फुफ्फुसाचा जास्त बारकावे दाखवणारा सीटी स्कॅन), फुफ्फुसाच्या क्षमतेची चाचणी आणि गरजेप्रमाणे रक्तातली प्रतिपिंडं यांवरून निदान होतं. साध्या एक्स-रेवर भागवू नका.

आणि कॉकाटील हा पक्षी या बाबतीत नेमका वाईट. कॉकाटील, काकाकुवा आणि आफ्रिकन ग्रे यांच्या अंगावर खास पिसं असतात, ती वाढता वाढता टोकाला झिजून टाल्कम पावडरसारखी भुकटी होतात. पक्षी ती चोचीने सगळ्या अंगाला माखतो, त्याचा तो रेनकोट. मकाऊ, कोनूर यांच्या अंगावर ती फार कमी. आज संध्याकाळी एक करून बघा. काळ्या रंगाचं ताट किंवा मुलीची पाटी स्वच्छ पुसून पिंजऱ्यापासून हातभर अंतरावर ठेवा आणि उद्या सकाळी तिच्यावर बोट ओढा. बोटाची रेघ स्पष्ट उमटेल. सकाळच्या उन्हाची तिरीप खोलीत येते तेव्हा पक्ष्याने अंग झाडलं की जो ढग दिसतो, तो बऱ्याच जणांना सुंदर वाटतो. मला तो बघून आता खिडकी उघडाविशी वाटते.

तरीही घाईने सगळं कॉकाटीलच्या माथी मारू नका. २०१७ साली भारतातल्या १९ शहरांमधल्या २७ केंद्रांचा एक मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला होता. फुफ्फुसाच्या जाळीचे आजार असलेले १,०८४ नवे रुग्ण त्यात होते. त्यांच्यात जवळपास ४७ टक्क्यांना हाच आजार निघाला, आणि त्यांतल्या निम्म्या लोकांच्या बाबतीत बोट गेलं ते घरातल्या कूलरकडे, त्याच्या कुबट वाळ्याच्या गादीतल्या बुरशीकडे. म्हणून तुमच्या घरात एकदा डोळसपणे फिरा. सासूबाईंच्या खिडकीबाहेर एसीच्या डब्यावर कबूतरांनी संसार मांडलाय का? कूलर आहे का? भिंतीला ओल, उशीत पिसं? कॉकाटील दिले आणि खिडकीतली कबुतरं तशीच राहिली, तर नातही रडणार आणि आजीही खोकत राहणार. अशी दोन घरं मी पाहिली आहेत.

म्हणूनच माझा पहिला सल्ला: पक्ष्यांना नव्हे, सासूबाईंना हलवा. छातीच्या डॉक्टरांची भेट या आठवड्यातली घ्या, आणि त्यांची परवानगी घेऊन तपासण्या होईपर्यंत सासूबाईंना पुन्हा लेकीकडे राहू द्या. पुन्हा बरं वाटलं तर डॉक्टरांच्या हातात एक पुरावा आला. जाताना त्यांची शाल, स्वेटर धुऊन द्या, नाहीतर भुकटी सोबत जाईल. पक्षी मात्र इतक्यात कुणाला देऊ नका. जंतुसंसर्ग नाही हे अजून ठरलेलं नाही. शेजाऱ्यांच्या घरी पिंजरा नेऊन ठेवला आणि उद्या क्लॅमिडिया निघाला तर त्यांनाही ओढलंत. धाप बसल्या जागी लागायला लागली, ओठ-नखं निळसर दिसली किंवा ऑक्सिजनचा आकडा घसरला, तर मात्र कोल्हापूर-बिल्हापूर नाही, सरळ रुग्णालय.

आता पक्ष्यांकडे. "ठणठणीत आहेत" हे शब्द पक्ष्याच्या बाबतीत मी कधीच पूर्ण मानत नाही. आजार लपवणं हा त्यांचा स्वभाव; रानात आजारी दिसला तो ससाण्याच्या तोंडी गेला. त्यातून कॉकाटील आणि बजरीगर (आपल्याकडे ज्यांना सर्रास लव्हबर्ड म्हणून विकतात ते) यांच्यात क्लॅमिडियाचे मूक वाहक भरपूर. महिनोन्‌महिने काही दिसत नाही. मग घर बदललं, नवा पक्षी आला, पिल्लं झाली, फटाके वाजले, की ताणाने शिटेतून जंतू पडायला लागतात. बाजारात एका खुराड्यात साठ पक्षी कोंबलेले असतात तिथे तर विचारूच नका. देशी राघूची तर आणखी वाईट गत: घरट्यातून काढलेली पिल्लं टोपलीत भरून आणतात. १९७२ च्या वन्यजीव कायद्याखाली ते पाळणं गुन्हा आहे ही गोष्ट निराळीच.

तर रोज दोन गोष्टी बघा. पिंजऱ्याच्या तळाला साधा पांढरा कागद घाला. निरोगी शिटेत तीन भाग दिसतात: हिरवी किंवा तपकिरी वळी, तिच्यावर पांढरा चुन्यासारखा ठिपका आणि भोवती पाण्याचं वलय. हिरवी वळी हिरवी दिसली म्हणून घाबरू नका. तो पांढरा ठिपका पोपटी किंवा पिवळा झाला तर घाबरा, यकृत बिघडल्याची ती खूण आहे आणि माझ्या यादीत तेव्हा क्लॅमिडिया वर असतो. दुसरं, स्वयंपाकघरातल्या डिजिटल काट्यावर आठवड्यातून एकदा वजन. प्रौढ कॉकाटील साधारण ८० ते १२० ग्रॅम. पिसांमुळे पक्षी गुबगुबीत दिसतो आणि आत छातीचं हाड सुरीसारखं लागत असतं. वजनात दहावा हिस्सा घट झाली तर माझ्याकडे या. दिवसा पिसं फुलवून बसणं, डोळ्याभोवती ओल, बसल्या बसल्या शेपूट वरखाली होणं, यांपैकी काही दिसलं तर त्याच दिवशी.

तपासणी पीसीआरने होते: चोचीच्या आतून, गुदद्वारातून घेतलेला बोळा, कधी रक्त. पक्षी रोज जंतू टाकत नाही, त्यामुळे एका बोळ्यावर "निगेटिव्ह" आलं तर मी सुटकेचा श्वास सोडत नाही; तीन ते पाच दिवसांची शीट एकत्र करून तपासलेली बरी. पॉझिटिव्ह आला तर डॉक्सिसायक्लिन, परंपरेने पंचेचाळीस दिवस. हे पंचेचाळीस दिवस लोकांच्या जिवावर येतात. विसाव्या दिवशी पक्षी गायला लागला की औषध बंद, आणि तीन महिन्यांनी पुन्हा तेच. त्या काळात पिंजऱ्यातलं समुद्रफेन आणि कॅल्शियमची वडी काढून टाकायची, कारण कॅल्शियम या औषधाला बांधून ठेवतं आणि ते अंगी लागत नाही. मेडिकलमधून माणसांची कॅप्सूल आणून पाण्यात फोडून घालणं नको. पाणी कडू लागलं की पक्षी पाणीच पीत नाही.

साफसफाईत बहुतेक घरं चुकतात. पिंजऱ्याखाली केरसुणी फिरवायची नाही, कागद झटकायचा नाही, व्हॅक्यूम क्लीनर तर नाहीच. तो बारीक भुकटी मागून हवेत फेकतो. आधी सगळं पाण्याच्या फवाऱ्याने भिजवा, मग कागद आतल्या आत गुंडाळून पिशवीत. तोंडाला एन-९५, ओढणी नको. पिंजरा साबणाने धुऊन मग लिटरभर पाण्यात तीस मिलिलिटर घरगुती ब्लीच, दहा मिनिटं, आणि भरपूर पाण्याने खळखळून. पक्षी तोवर दुसऱ्या खोलीत, कारण ब्लीचचा वास त्याच्या फुफ्फुसाला सोसत नाही. ब्लीचमध्ये संडास साफ करायचं ॲसिड मिसळू नका, त्यातून विषारी वायू निघतो. आणि हे काम सासूबाईंनी किंवा नातीने करायचं नाही.

बाकीचे आजार भराभर सांगते, कारण त्यांची भीती जास्त आणि धोका कमी. पिसं गळून चोच वेडीवाकडी होणारा विषाणू, ज्याला आम्ही पीबीएफडी म्हणतो, पक्ष्याला भयंकर, माणसाला शून्य. बजरीगरच्या चोचीवर मधाच्या पोळ्यासारखी पांढरी खपली धरते ती एका किडीमुळे, तीही माणसाला लागत नाही. पोपट चावला म्हणून रेबीजचं इंजेक्शन घ्यावं लागत नाही. जखम साबणाने धुवा, धनुर्वाताचं इंजेक्शन बाकी असेल तर घ्या. साल्मोनेलासारखे पोटाचे जंतू मात्र शिटेतून हाताला आणि हातातून तोंडात जातात, लहान मुलांना ते जड जातात. मूल लवकर बोलावं म्हणून त्याला पोपटाचा उष्टा पेरू भरवणाऱ्या आज्या मला अजून भेटतात. हात जोडून सांगते, नको. क्षयाच्या बाबतीत तर उलटंच भय आहे: घरातल्या माणसाचा क्षय पोपटाला झाल्याची उदाहरणं नोंदलेली आहेत, विशेषतः तोंडातून तोंडात घास देणाऱ्यांकडे.

आता तुमच्या मूळ प्रश्नाकडे. सिटॅकोसिस निघाला तर सासूबाईंना औषध, दोन्ही पक्ष्यांना औषध, पिंजरा त्यांच्या खोलीपासून दूर, आणि कॉकाटील घरातच. दुसरं निघालं तर मी नातीची बाजू घेणार नाही. आंघोळ घाला, एअर प्युरिफायर लावा, बाल्कनीत ठेवा, हे सगळं लोक करून बघतात आणि धूळ थोडी कमी होतेही. पण ज्याचं फुफ्फुस एकदा पेटलंय त्याला थोडीसुद्धा पुरते. मग पक्षी जाणत्या माणसाकडे द्यावेत, जोडी तोडू नये, आणि "मोकळे केले" म्हणून खिडकीतून तर कधीच सोडू नयेत. पिंजऱ्यात वाढलेला कॉकाटील बाहेर कावळ्या-घारींपुढे फार काळ टिकत नाही. पक्षी गेल्यावरही पडदे, गालिचे, गाद्या, पंख्याची पाती यांत ती भुकटी महिनोन्‌महिने राहते. सगळं ओल्या फडक्याने आणि धुलाईने काढल्याशिवाय सासूबाईंना परत आणू नका, नाहीतर खोकला परत आला म्हणून निदानच चुकलं असं वाटेल.

नातीला खरं सांगा, एवढंच. सात वर्षांच्या मुलीला "पोपट उडून गेले" हे खपत नाही. माझ्याकडे येणारी मुलं पिंजऱ्याची कडी कुठली ते मोठ्यांपेक्षा बरोबर सांगतात.

तपासणीला याल तेव्हा दोघांना एकत्रच, त्यांच्याच पिंजऱ्यात आणा. वर ओलसर चादर टाका म्हणजे रिक्षात भुकटी उडणार नाही. आदल्या तीन दिवसांचे तळाचे कागद तारीख लिहून बंद डब्यात ठेवा. आणि डॉक्टरकडे जायचंय म्हणून पिंजरा घासूनपुसून लख्ख करून आणू नका. दहातले आठ जण तेच करतात, आणि मला जे बघायचं असतं ते मोरीत वाहून गेलेलं असतं.